सतरा मीटर, दोनदा

चूक माझ्या हातून झाली आणि ती व्हायला दोन सेकंदसुद्धा लागले नाहीत. मे महिन्यातला शनिवार. कोलोनजवळच्या एका छोट्या गावातलं मैदान, सोळा वर्षांखालच्या मुलींची तिहेरी उडी. इथे जर्मनीत मुलांच्या स्पर्धा आईबापांच्या जिवावर चालतात. कुणी केक करून आणतं, कुणी कॉफी ओततं, कुणी आकडे लिहून घेतं. माझ्या हातात दाताळं आलं होतं. मुलगी धावत येते, फळीवर पाय देते, तीन झेपांत वाळूत येऊन बसते, उठून बाहेर पडते. मग एक आजोबा वाळूतल्या खुणेवर खिळा टोचतात, फळीपाशी बसलेला माणूस टेप ताणून आकडा मोठ्यानं म्हणतो, टेबलावरची बाई तो आकडा पुन्हा उच्चारून लिहून घेते. त्यानंतर, फक्त त्यानंतर, मी दाताळं ओढून वाळू सारखी करायची. दीड तास सगळं सुरळीत चाललं होतं. खिळा, टेप, आकडा, दाताळं. जात्यावर बसल्यासारखी हातांना एक लय लागली होती, आणि घात त्या लयीनंच केला.

लाल मोजे घातलेली एक काटकुळी मुलगी होती, दुसऱ्या कुठल्या तरी क्लबची. तिच्या पहिल्या दोन्ही उड्या फाऊल गेल्या होत्या. तिसऱ्या वेळी ती आली तेव्हा फळीवर पाय पडल्याचा आवाजच वेगळा आला, टणक आणि कोरडा. मागून उडी वैध असल्याचा पांढरा झेंडा वर गेला. ती वाळूत पडली तेव्हा उडालेले खडे माझ्या नडगीला लागले. ती उठली, अंग झटकत बाहेर गेली, आणि माझे हात आपोआप चालले. दाताळ्याचे दात वाळूतून सर्रकन सरकले. वर बघतो तर आजोबांचा खिळा धरलेला हात हवेतच थांबलेला.

खूण गेली होती.

कुणी ओरडलं नाही. ओरडले असते तर बरं झालं असतं. आजोबांनी नुसतं वाळूकडे पाहिलं, मग माझ्याकडे. फळीवरचा माणूस उठून आला, दोघं हळू आवाजात बोलले. नियमाप्रमाणे मुलीला ती उडी परत मिळाली. तिला सांगितलं तेव्हा तिनं मान हलवली, पाण्याचा घोट घेतला आणि धावपट्टीच्या टोकाकडे चालत गेली. चालताना तिनं एकदाच मागे वळून खड्ड्याकडे पाहिलं. मी अशी सपाट केलेली वाळू, की तिथे कुणी कधी आलंच नव्हतं असं वाटावं. दुसऱ्यांदा ती धावली, पण तो आवाज काही आला नाही. ९.७४. पुढच्या तीन उड्यांतही त्या आकड्याच्या पलीकडे ती गेली नाही. पुसली गेली ती खूण खड्ड्याच्या कडेला ठेवलेल्या दहाच्या पाटीच्या पुढे होती, हे मी आजही शपथेवर सांगेन. पण तिथे डोळ्यांची साक्ष चालत नाही. ती चौथी आली. तिसरी आली ९.८१ ची मुलगी, आणि ती माझी मुलगी होती.

घरी येताना गाडीत बराच वेळ कुणी बोललं नाही. मग मागच्या सीटवरून आवाज आला, "बाबा, तिची ती उडी माझ्यापेक्षा लांब होती ना?" मी हो म्हणालो. तिनं पुढे काहीच विचारलं नाही. पदक तिनं मोज्यांच्या खणात टाकलं, ते अजून तिथेच आहे.

निघण्याआधी आजोबांबरोबर खड्ड्यावर ताडपत्री ओढत होतो. दोन टोकं त्यांच्याकडे, दोन माझ्याकडे. माझा चेहरा पाहून ते म्हणाले, "लावून घेऊ नका. वेझेलला तर खूण पुसलीही गेली नव्हती. मोजली, लिहिली. तीही दोनदा. तरी चालली नाही." मला संदर्भ लागला नाही. मग त्यांनी नाव घेतलं, चार्ल्स फ्रीडेक. आणि आपल्या गावचा मुलगा असल्यासारखं जोडून सांगितलं, "आपल्या लेव्हरकुझेनचा."

लेव्हरकुझेन आमच्या घरापासून पंधरा मिनिटांवर. रात्री हमरस्त्यावरून येताना औषधांच्या कारखान्याचं ते अवाढव्य गोल दिव्यांचं चिन्ह आकाशात टांगलेलं दिसतं, ते गाव. इतकी वर्षं मी ते पाहत आलो आणि त्या चिन्हाखालच्या मैदानावर तिहेरी उडीचा एक जगज्जेता घडला हे मला माहीत नव्हतं. खरं म्हणजे मला तरी ते माहीत असायला हवं होतं. कारण शाळेत असताना मी हीच उडी मारायचो.

कराडच्या आमच्या शाळेत तिला 'हॉप-स्टेप-जंप' म्हणत. तिहेरी उडी हा शब्द फक्त प्रमाणपत्रावर यायचा. खड्डा आम्हीच खणलेला आणि वाळू आम्हीच आणलेली, कृष्णेच्या काठावरून, घमेल्यांनी, ओळ करून. पहाटेची ती वाळू गार आणि ओलसर असायची, तिच्यात शंखांचे बारके तुकडे असत आणि गुडघ्याला लागले की दिवसभर चुरचुरत. ज्याला लंगडी चांगली येते त्याला सर या उडीसाठी निवडत. कारण सरळ आहे. या उडीतली पहिली झेप म्हणजे लंगडीच. ज्या पायावर उडालास त्याच पायावर खाली यायचं. दुसरी ढांग, ती दुसऱ्या पायावर संपते. आणि तिसरी खरी उडी, दोन्ही पाय पुढे टाकून वाळूत. लंगडी सगळ्यांना यायची, शेवटची उडी तर कुणालाही आवडते. गोची मधल्या ढांगेत. पहिल्या झेपेनंतर शरीर जमिनीवर आदळतं तेव्हा एकट्या पायावर अंगाच्या वजनाच्या दहापटींहून जास्त भार येतो, आणि त्या क्षणी मनाला वाटतं, आता कसंबसं दुसरं पाऊल टाकावं आणि सुटावं. आम्ही सगळे तेच करायचो. सर खड्ड्याजवळ उभे राहून घसा फोडून ओरडत, "ढांग चोरू नका रे! ढांग चोरू नका!" मी किती मीटर मारायचो ते आता आठवत नाही. ढांग चोरायचो हे मात्र पायांना अजून आठवतं.

त्या रात्री मी फ्रीडेकच्या उड्या शोधून शोधून पाहिल्या. पहिली जी गोष्ट डोळ्यांत भरली ती हीच. तो ढांग चोरत नाही. पहिल्या झेपेनंतर पाय जमिनीला लागतो आणि पुन्हा सुटतो तेव्हा तो क्षणभर हवेत बसल्यासारखा दिसतो, पुढची मांडी आडवी, पाठ ताठ, जणू घाई कसली ती नाहीच. ब्रिटनच्या जोनाथन एडवर्ड्सच्या १९९५ च्या विश्वविक्रमी १८.२९ मीटरमध्येसुद्धा मधली ढांग ५.२२ मीटरची, तिघींमधली सगळ्यांत आखूड. जगातल्या सर्वोत्तम माणसाचीही तीच आखूड. तिथे प्रत्येक जण काहीतरी गमावतोच, कमी गमावणारा पुढे जातो.

फ्रीडेकचा जन्म गीसेनचा, ऑगस्ट १९७१ चा. कारकीर्द लांबलचक, पण तिचं शिखर एकाच वर्षात आलं. मार्च १९९९ मध्ये जपानमधल्या मायेबाशीत तो १७.१८ मीटरवर इनडोअर जगज्जेता झाला. आणि ऑगस्टमध्ये सेव्हिल. स्पेनमधल्या भाजून काढणाऱ्या उन्हाळ्यातली जागतिक स्पर्धा. समोर एडवर्ड्स, ज्याच्या जवळपास जायचंही लोकांनी सोडून दिलं होतं. त्या फायनलचे आकडे मी कागदावर एकाखाली एक लिहिले तेव्हा अंगावर काटा आला. फ्रीडेक १७.५९. बल्गेरियाचा रोस्तिस्लाव दिमित्रोव १७.४९. एडवर्ड्स १७.४८. सुवर्ण आणि कांस्य यांच्यात ११ सेंटीमीटर, म्हणजे अर्धी वीत. रौप्य आणि कांस्य यांच्यात एक सेंटीमीटर, करंगळीच्या नखाएवढा. स्पर्धेच्या त्याच दिवसांत फ्रीडेकला २८ वर्षं पूर्ण झाली. पुढच्या वर्षी बेल्जियममधल्या गेंटला तो युरोपचा इनडोअर विजेताही झाला. पण १७.५९ च्या पुढे तो पुन्हा कधी गेला नाही. जर्मनीचा राष्ट्रीय विक्रम राल्फ यारोसचा, १९९१ मध्ये फ्रँकफर्टला मारलेला, १७.६६. जगज्जेता झालेल्या माणसाला स्वतःच्या देशाचा विक्रम ७ सेंटीमीटरनं हुलकावणी देऊन गेला. ९.७४ आणि ९.८१ मध्येही तेवढंच अंतर. हा जमाखर्च मी मुद्दाम जुळवला नाही, तो समोर आला आणि मग रात्री झोप आली नाही.

मला त्याच्या कारकिर्दीतला २००२ चा म्युनिकचा दिवस सेव्हिलपेक्षा जास्त आवडतो. याला कारण तिथलं स्टेडियम. ताणलेल्या तंबूसारखं पारदर्शक छप्पर असलेलं हे ऑलिंपिक स्टेडियम १९७२ च्या खेळांसाठी बांधलं. तेव्हा याच खड्ड्याच्या परिसरात पूर्व जर्मनीचा यॉर्ग ड्रेमेल १७.३१ मीटरवर रौप्यपदक जिंकला होता, सोव्हिएत संघाच्या विक्टर सानेयेवपेक्षा ४ सेंटीमीटर मागे. तो होता जर्मन, स्टेडियम होतं जर्मनीचं, पण त्याचा देश दुसरा होता आणि तिथे तो पाहुणा होता. ३० वर्षांनी, बर्लिनची भिंत पडून, देश एक होऊन बारा वर्षं झाल्यावर, युरोपीय स्पर्धेत त्याच स्टेडियममध्ये फ्रीडेक उतरला. स्वीडनचा तरुण ख्रिस्तियान ओल्सन १७.५३ मारून निघून गेला. दुसरा फ्रीडेक, १७.३३. तिसरा एडवर्ड्स, १७.३२. पुन्हा तो एक सेंटीमीटर, या वेळी फ्रीडेकच्या पदरात. तेव्हा तो ३१ च्या उंबरठ्यावर होता. त्या वयात तिहेरी उडीवाल्याची टाच, घोटा, गुडघा, कंबर एकेक करून हिशेब मागायला लागतात. सेव्हिलला तो चढत होता. म्युनिकला, मला वाटतं, तो टिकून होता. टिकून असलेल्या माणसाच्या धावण्यात एक वेगळी काळजी दिसते. तो प्रत्येक पावलाला विचारून पुढे जातो.

आणि तरी तो थांबला नाही. २००८ मध्ये ३६ वर्षांचा फ्रीडेक बीजिंगला जाण्यासाठी धडपडत होता.

त्या वर्षी जर्मन तिहेरी उडीपटूंसाठी पात्रतेची एक वाट अशी होती: १७ मीटर, दोन वेळा. २५ जून २००८, बुधवार, वेझेल. ऱ्हाइनच्या खालच्या अंगाला असलेलं गाव. त्या एका स्पर्धेत फ्रीडेकनं १७ मीटरची रेघ दोनदा गाठली. एक उडी १७.०० ची, एक १७.०४ ची. एक पहिल्या तीन उड्यांच्या फेरीत, दुसरी नंतरच्या अंतिम फेरीत. वाळूत खुणा उमटल्या, मोजल्या गेल्या, लिहिल्या गेल्या. ३६ व्या वर्षी, एका संध्याकाळी, दोनदा. १७.०० हा आकडा डोळ्यांसमोर आणून बघा. मोजणाऱ्याची टेप शून्य शून्यावर थांबते. एक सेंटीमीटर मागे असती तर १६.९९ झाली असती, आणि मग पुढचं काहीच घडलं नसतं.

ती संध्याकाळ मला चांगली आठवते, कारण मी तेव्हा नुकताच या देशात आलो होतो. युरो कपची उपांत्य फेरी, जर्मनी विरुद्ध तुर्कस्तान. कोलोनच्या रस्त्यावर लावलेल्या मोठ्या पडद्यापुढे मी गर्दीत उभा होतो, जेमतेम दहा शब्द जर्मन येत असताना. एका खांद्यावर जर्मन झेंडा, दुसऱ्या खांद्यावर तुर्की झेंडा अशी माणसं शेजारी होती. वादळामुळे मधेच चित्र गेलं आणि हजारो माणसं काळ्या पडद्याकडे बघत राहिली. चित्र परत आलं, शेवटच्या मिनिटाला जर्मनीच्या लामनं गोल केला, ३-२, आणि अनोळखी माणसांनी मला मिठ्या मारल्या. हा देश आपला होऊ शकेल असं मला पहिल्यांदा त्या रात्री वाटलं. तासाभराच्या अंतरावर त्याच संध्याकाळी एक माणूस वाळूतून उठत होता, आपलं काम झालं अशा समजुतीनं. हे मला सतरा-अठरा वर्षांनी कळतंय. त्याच्या उडीची बातमी दुसऱ्या दिवशी कुठे छापून आली असेल, आणि त्या फुटबॉलच्या गदारोळात ती कुणी वाचली असेल?

काम झालं नव्हतं. जर्मन ॲथलेटिक्स महासंघाचं म्हणणं पडलं की दोनदा म्हणजे दोन वेगळ्या स्पर्धांत. एकाच स्पर्धेतल्या दोन उड्या म्हणजे एकदाच. जर्मन ऑलिंपिक महासंघानं त्याचं नाव पाठवलं नाही. बीजिंगला ती उडी पोर्तुगालच्या नेल्सन एव्होरानं १७.६७ मारून जिंकली, आणि फ्रीडेक घरी होता.

इथे मी थांबलो. खरं सांगायचं तर माझं मन आधी महासंघाच्या बाजूनं झुकलं होतं. माझं पोट चाचण्यांचे मसुदे लिहिण्यावर चालतं. यंत्राचा एखादा भाग दोनदा तपासायचा असं आम्ही लिहितो तेव्हा डोक्यात हेच असतं, की एक दिवस चांगला जाऊ शकतो, वारा पाठीशी असू शकतो, फळी बरोबर पायाखाली येऊ शकते. दुसऱ्या दिवशी, दुसऱ्या जागी तेच करून दाखव, मग मानू. निवड समितीला सातत्य हवं होतं, त्यात गैर काय? पण मग मी माझ्याच कामाकडे पाहिलं. मनात होतं ते कागदावर आलं नाही, म्हणून दुसऱ्याचं आठवड्याचं काम वाया गेलं, असं माझ्या समोर घडलंय. मी लिहिलेल्या एका ओळीमुळेही. तेव्हा मीही म्हणालो होतो, "अहो, ते उघडच आहे की." ज्याच्या डोक्यात असतं त्याला ते उघड असतं. वाचणाऱ्याला कागदच दिसतो. आणि फ्रीडेकनं कागद वाचला होता. कागदावर होतं, १७ मीटर, दोनदा.

तो कोर्टात गेला. तेव्हाच तातडीनं, ऑलिंपिकच्या आधी, काही हाती लागलं नाही. मग त्यानं नुकसानभरपाईचा दावा लावला, सुमारे १ लाख ३३ हजार युरोंचा. फ्रँकफर्टच्या खालच्या कोर्टानं त्याचं म्हणणं मान्य केलं. वरच्या कोर्टानं ते फिरवलं. अखेर १३ ऑक्टोबर २०१५ रोजी कार्ल्सरूहेच्या सर्वोच्च दिवाणी न्यायालयानं निकाल दिला: फ्रीडेक बरोबर होता. नियम खेळाडू कसा वाचेल हे पाहायचं. दोन वेगळ्या स्पर्धा हव्या होत्या तर तसं स्पष्ट लिहायला हवं होतं. ऑलिंपिकला जाण्याचा दरवाजा देशात एकच आहे, आणि त्याची किल्ली ज्या एकाच संस्थेकडे आहे तिच्यावर जबाबदारीही तेवढीच येते. नियमात बसणाऱ्याला तिनं पाठवलंच पाहिजे.

उडीपासून निकालापर्यंत सात वर्षं आणि वर साडेतीन महिने. ३६ चा माणूस ४४ चा झाला होता.

ही सात वर्षं माझ्या डोळ्यांसमोरून हलत नाहीत. सेव्हिलची उडी धावायला लागल्यापासून वाळूत पडेपर्यंत काही सेकंदांची. तिच्यावर सगळ्यांची नजर. पण कोर्टाची ही वर्षं म्हणजे एकाच पायावरची लांबण. पत्रं, तारखा, वकिलाच्या दारातल्या खुर्च्या, फायलीत पडलेला वेझेलच्या निकालपत्राचा कागद, ज्यावर दोन आकडे आहेत आणि ते कुणीच नाकारत नाही. खरं तर त्या दोन उड्या झाल्या की नाही यावर वादच नव्हता. वाद होता तो मोजण्याचा अर्थ काय यावर. मधेच सोडून द्यावं, पुढच्या कामाला लागावं, असं त्याच्या मनात किती वेळा आलं असेल ते त्यालाच ठाऊक. त्यानं सोडलं नाही. आणि निकाल लागला तेव्हा परत मिळण्यासारखं काय होतं? पैशाचा हिशेब होऊ शकतो. बीजिंगच्या त्या ऑगस्टमधल्या धावपट्टीवर उभं राहून, हात वर करून, स्टेडियमला टाळ्यांचा ठेका धरायला लावणं, पहिलं पाऊल टाकण्याआधीचा तो श्वास, तो कुठल्या कोर्टानं कसा द्यायचा?

आणि तरी निकाल लागला हे बरं झालं असंही वाटतं, अगदी मनापासून. लाल मोज्यांच्या मुलीनं माझ्याविरुद्ध कुठे दाद मागायची? तिची उडी लिहिलीच गेली नाही. ती होती, हे सांगणारे आम्ही चार-पाच जण आहोत आणि आमच्यातलाच एक जण ती पुसणारा आहे. फ्रीडेकच्या हातात निदान कागद होता.

पावसाळी रविवार पाहून ऑगस्टमध्ये आम्ही वेझेलला गेलो, मुलगी आणि मी. तिला मी सगळं सांगितलं होतं. गावात जागोजागी रंगवलेली गाढवं उभी आहेत, पुतळे, फुलांची, निळ्या पट्ट्यांची. इथली पोरं एक खेळ खेळतात: वेझेलचा महापौर कोण, असं मोठ्यानं विचारायचं, आणि प्रतिध्वनी गावाच्या नावाचा मागचा तुकडा परत करतो, एझेल, म्हणजे गाढव. मुलीनं ऱ्हाइनकाठी जाऊन ओरडून पाहिलं. नदी रुंद, पाणी राखाडी, मालवाहू नाव संथ चालली होती. प्रतिध्वनी काही आला नाही. मैदानाकडे गेलो तर कुंपणाचं दार बंद. बाहेरच्या गवतावर तिनं बूट काढले, टाच रोवून एक खूण केली आणि मी खिशातून आणलेली टेप ताणत गेलो. १७ मीटर झाले तिथे मी छत्री रोवली. परत वळून पाहिलं तर ती इतकी लांब उभी होती, की तिचा चेहरा पावसात नीट दिसेना.

"तीन पावलांत?" तिनं ओरडून विचारलं.

"तीन पावलांत. दोनदा."

ती तिथूनच धावत आली. ओल्या गवतावर, अनवाणी, लंगडी, ढांग, उडी. छत्रीच्या खूप अलीकडे पडली, हसत, चिखलानं माखून. पण मधली ढांग, मी पाहिलं, तिनं चोरली नाही.

सप्टेंबरात मोसमातली शेवटची स्पर्धा होती, पुन्हा त्याच मैदानावर. दाताळं कुणाला देऊ असं विचारत टेबलावरची बाई फिरत होती. कुणी पुढे होईना, तेव्हा मीच घेतलं. आजोबांनी पाहिलं आणि काही न बोलता खिळा खिशातून काढला. यादीत लाल मोज्यांचं नाव होतं. तिनं या वेळी पांढरे मोजे घातले होते, पण चाल ओळखू आली. धावपट्टीच्या टोकाला उभी राहून तिनं पहिल्यांदा खड्ड्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. मी दोन पावलं मागे सरलो. दाताळं उभं धरलं, दात वर, दांडा सिमेंटवर टेकवलेला.

ती धावली. फळीवर पाय पडला. पांढरा झेंडा. वाळू उडाली, ती उठली, कडेनं बाहेर गेली. आजोबा वाकले, खिळा टोचला. टेप सरकली, थोडी ढिली होती, फळीवरच्या माणसानं ती पुन्हा ताणली. माझी बोटं दांड्यावर घट्ट. "दहा पूर्णांक शून्य आठ," फळीवरून आवाज आला. "दहा पूर्णांक शून्य आठ," टेबलावरची बाई म्हणाली आणि तिनं लिहून घेतलं. तरी मी हललो नाही. मुलगी टेबलापाशी गेली, कागदावर वाकून तिनं स्वतः तो आकडा पाहिला, मग मागे वळून माझ्याकडे बघून मान हलवली.

मी दाताळं वाळूत टेकवलं.